कृष्णेतल्या मगरी उचलून नेल्या तर घाट सुरक्षित होतील का?

मळीतला
१४ मार्च, सकाळी ९:१२

आमची मळीची (नदीच्या गाळाची) जमीन सांगली जिल्ह्यातल्या भिलवडीच्या खालच्या अंगाला, अगदी कृष्णेला लागून आहे. परवा पहाटे मोटार पाणी ओढेना म्हणून फूटव्हॉल्व, म्हणजे पाइपाच्या तोंडाची जाळीची झडप, बघायला खाली उतरलो. रात्रीत पाणी दीड-दोन फूट उतरलं होतं आणि काठाचा ओला पोयटा उघडा पडला होता. त्यावर शेपूट ओढत गेल्याची लांब रेघ आणि दोन्ही अंगांना पंजे. पुढच्या पायाची पाच बोटं, मागच्याची चार, मोजता येतील इतकी ठसठशीत. पाइपाच्या तोंडापासून जेमतेम तीन हातांवर. रोज मी त्याच जागी उकिडवा बसतो आणि कोपरापर्यंत हात पाण्यात घालून जाळीत अडकलेला कचरा काढतो.

घाबरलो का? हो, पाय लटपटले. तरीही संध्याकाळी ग्रामसभेत "सगळ्या मगरी पकडून चांदोलीच्या धरणात सोडा" असा ठराव आला, तेव्हा मी विरोधात बोललो. लोक चिडले. एक आजी म्हणाली, "ज्याच्या घरचं जातं त्यालाच कळतं रे बाबा." तिला उत्तर देता आलं नाही. तेव्हापासून डोक्यात हेच चाललंय, म्हणून धागा काढतोय.

माझं म्हणणं असं. मगर बाहेरून आलेली नाही. आजोबांच्या आठवणीत उन्हाळ्यात नदी तुटायची, मधले डोह तेवढे राहायचे. मगरी डोहात आणि माणसं उथळ पाण्यात, अशी आपोआप वाटणी होती. आता कोयनेचं पाणी सुटतं, जागोजागी बंधारे आहेत, ताकारी-म्हैसाळच्या उपसा सिंचन योजनांसाठी नदी भरलेली लागते. ऐन एप्रिलमध्येही पात्र काठोकाठ. डोह कुठला आणि उथळ कुठलं, ते ना माणसाला कळतं ना मगरीला. त्यात वाळूचा उपसा. जिथं ती ऊन खायला बसायची ते वाळूचे पट्टे गेले. मग ती कुठं बसणार? मळीच्या काठावर, मोटारीच्या पाइपाशेजारी, घाटाच्या शेवटच्या पायरीवर.

औदुंबर, आमणापूर, धनगाव, बुर्ली, चोपडेवाडी, सुखवाडी, तुंग, डिग्रज इथल्या लोकांनी आपापल्या पाणवठ्याचं लिहावं. दुसऱ्या नद्यांवरच्यांनीही लिहावं. गावाला सांगता येईल असं काहीतरी हातात हवंय.


ओढ्याकाठची
१४ मार्च, दुपारी १:४०

आमच्याकडं जुनी माणसं हिला सुसरच म्हणतात. "सुसरबाई तुझी पाठ मऊ" ही म्हण लहानपणी आजीकडून ऐकली ती नदीवर कपडे धुतानाच. जिला भ्यायचं तिचं तोंडदेखलं कौतुक करायचं, हा तिचा अर्थ. पण पाठ मऊ म्हणणाऱ्याने ती किती खडबडीत असते हे जवळून पाहिलेलं असणार, असं मला नेहमी वाटतं.

शाळेच्या पुस्तकात मात्र सुसर म्हणजे लांब निमुळत्या तोंडाची घडियाल. मग आपल्या कृष्णेत नेमकं काय आहे?


गुरांचा_डॉक्टर
१४ मार्च, रात्री १०:०५

ओढ्याकाठची ताई, कृष्णेत आहे ती मगरच, गोड्या पाण्यातली रुंद तोंडाची. बोलीत दोघींनाही सुसर म्हणतात, त्यामुळे गोंधळ होतो. घडियाल महाराष्ट्रातल्या नद्यांत नाही. तिचा मुलूख सिंधू, गंगा, ब्रह्मपुत्रा आणि महानदी. भारतातली तिसरी जात खाऱ्या पाण्यातली. ती ओडिशात भितरकनिकाला, सुंदरबनात आणि अंदमानात. तिन्ही १९७२ च्या वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहेत, म्हणजे वाघाला जेवढं संरक्षण तेवढंच. गावाने ठराव केला म्हणून कुणाला मगर पकडता येत नाही.

आता मूळ प्रश्न. एखादी मगर विहिरीत पडली, वस्तीत शिरली, तर ती हलवावीच लागते. पण नदीतल्या धडधाकट मगरी उचलून लांब सोडल्याने काय होतं याचा एक चांगला दाखला ऑस्ट्रेलियात आहे. तिथं खाऱ्या पाण्यातल्या मोठ्या मगरींच्या मानेवर उपग्रहाने माग काढणारं यंत्र बसवलं आणि हेलिकॉप्टरने लांब नेऊन सोडलं. त्यातली एक केप यॉर्कच्या पलीकडच्या किनाऱ्यावर सोडलेली. ती काही काळ तिथंच रेंगाळली आणि मग अख्ख्या भूशिराला वळसा घालून ४०० किलोमीटरहून जास्त पोहत २० दिवसांत आपल्या नदीत परतली. २००७ साली हे प्रसिद्ध झालं. जात वेगळी असली तरी आपल्या मगरीलाही स्वतःच्या हद्दीची ओढ असतेच.

दुसरं असं की मोठा नर उचलला की त्याची जागा ओस पडत नाही. त्याच्या धाकाने लांब राहिलेले दोन-तीन मधल्या वयाचे नर तिथं भांडायला येतात. काठाची ओळख नसलेली, सैरभैर जनावरं. गावाला वाटतं मगर गेली आणि माणसं निर्धास्त होऊन पाण्यात उतरतात. मला त्याचीच जास्त भीती वाटते.


नदीवेस
१५ मार्च, सकाळी ७:३०

डॉक्टरसाहेब, ऑस्ट्रेलिया राहू द्या. माझा चुलतभाऊ तीन वर्षांपूर्वी म्हशी धुताना गेला. कमरेएवढ्या पाण्यात होता. काठावर चौघं उभी होती. ओरडायलाही वेळ मिळाला नाही, नुसतं पाणी ढवळलं. दुसऱ्या दिवशी दीड किलोमीटर खाली सापडला. त्याची मुलगी तेव्हा चौथीत होती. अजून ती नदीकडच्या रस्त्याने शाळेला जात नाही, मागच्या गल्लीने वळसा घालून जाते.

भरपाईसाठी वहिनीला आठ महिने खेटे मारायला लावले. कधी पंचनाम्यात वेळ चुकली, कधी दाखला जुना. पैसे मिळाले, पण त्या आठ महिन्यांत ती बाई दहा वर्षांनी म्हातारी झाली.

मगरी वाचवा म्हणणाऱ्यांच्या घरी नळ असतो. आमची गुरं कुठं धुवायची तेवढं सांगा.


मळीतला
१५ मार्च, सकाळी ८:५५

दादा, तुम्ही लिहिलंत ते दोनदा वाचलं. ग्रामसभेतली आजी बोलली तेव्हा मी गप्प बसलो होतो, आत्ताही माझ्याकडं झटकन देण्याजोगं उत्तर नाही. पण तुमचा शेवटचा प्रश्न मी लिहून घेतलाय. गुरं कुठं धुवायची, हाच खरा प्रश्न आहे. मगरींची संख्या किती यावर आपण तासभर भांडतो आणि गुरांसाठी नदीपासून लांब एक हौद बांधायचा विषय कुणीच काढत नाही. मीही काढला नव्हता.


गुरांचा_डॉक्टर
१५ मार्च, सकाळी ११:२०

नदीवेस, भाऊ, माफ करा. मी पुस्तकातून सुरुवात केली, तुमच्या बाजूने करायला हवी होती.

भरपाईबद्दल इतरांनीही लक्षात ठेवा. वन्यप्राण्याच्या हल्ल्यात माणूस दगावला तर राज्य सरकार जी मदत देतं त्या यादीत मगर आहे. रक्कम २० लाखांवरून आता २५ लाख झाली आहे. बरेच जण "पाण्यात बुडून मृत्यू" एवढंच लिहून घेतात आणि तिथंच प्रकरण अडकतं. घटना घडल्याबरोबर पोलिसांच्या जोडीने वनखात्याला कळवा, १९२६ हा त्यांचा क्रमांक आहे. शवविच्छेदनाच्या अहवालात दाताच्या जखमांचा उल्लेख आहे का ते तिथल्या तिथं बघून घ्या.


बडोद्याची
१६ मार्च, रात्री ९:१५

आमच्या घराण्याला गायकवाडांच्या काळापासून बडोद्यात पाच पिढ्या झाल्या. विश्वामित्री पावागडातून येते आणि शहराच्या मधोमध वाहते. कमाटीबागेतल्या पुलावर उभं राहिलं की खाली मगर दिसते. लाखो लोकांच्या शहरात, नदीच्या त्या नागमोडी पट्ट्यात, शेकड्यांनी मगरी राहतात. बाहेरच्यांना खरं वाटत नाही.

ऑगस्ट २०२४ च्या पुरात नदी शहरात शिरली आणि त्यांनाही घेऊन आली. रस्त्यावर, सोसायट्यांच्या आवारात, एक तर चक्क घराच्या छपरावर. त्या तीन दिवसांत २४ मगरी वस्तीतून पकडल्या. आमच्या गल्लीत आली ती चारेक फुटांची होती. जिन्याखाली चपलांच्या कपाटामागे बसलेली. वनखात्याची आणि स्वयंसेवकांची मुलं आली, तिच्या डोळ्यांवर ओलं पोतं टाकलं, जबड्याला दोरी आवळली, एकाने शेपूट धरली. पाच मिनिटांत काम झालं. डोळे झाकले की ती शांत होते, हे मी तेव्हा पाहिलं. आणि जबडा मिटायला तिच्यात जेवढं बळ, तेवढं उघडायला नसतं, म्हणून साधी दोरी पुरते.

इथं एवढ्या मगरी असूनही माणसं त्यामानाने कमी दगावतात. कारण काही मोठं नाही. शहरात नदीवर कुणाचं कामच नसतं. पाणी नळाला, कपडे यंत्रात. नदीवेस यांनी म्हटलंय ते अगदी खरं आहे, नळ घरी आला की मगरीशी भांडण उरत नाही. शहराबाहेरच्या गावांत, जिथं बायका अजून नदीवर जातात, तिथल्या बातम्या वेगळ्या असतात.


पाणलोट
१७ मार्च, सकाळी ६:५०

आम्ही भोई. तीन पिढ्या नाव चालवली. मगर दिसते तेव्हा भीती नसते, ती दिसेनाशी होते तेव्हा असते. थंडीत दहा ते चार काठावर पडून ऊन खाते, तोंड आ वासून. लोकांना वाटतं खायला टपलीय. तसं नाही, अंग तापलं की तोंड उघडून गार करते. त्या वेळी नाव वीस हातांवरून गेली तरी नुसती बघते. उन्हाळ्यात मात्र दिवसा बाहेर कमी आणि पाण्यात जास्त. आमची माणसं चैतापासून मिरगापर्यंत तिन्हीसांजेला पाण्यात पाय घालत नाहीत.

आणखी एक. पोल्ट्रीतल्या मेलेल्या कोंबड्या पोत्यात भरून पुलावरून नदीत टाकतात. ती पोती जिथं अडकतात तिथं मगर येऊन बसते. गेल्या साली आमच्या घाटाखाली असंच झालं. आपणच तिला घाटावर जेवायला बोलावतो.


फोंडेकर
१७ मार्च, रात्री ८:३०

गोव्यातून लिहितोय. मांडवी आणि जुवारीला जोडणारा कुंभारजुव्याचा कालवा आहे. पाणी मचूळ, भरती-ओहोटीचं, दोन्ही अंगांना खारफुटी. तिथं तुम्ही म्हणता तीच गोड्या पाण्यातली मगर पिढ्यानपिढ्या राहते. आम्ही तिला मानगे म्हणतो.

आमच्या फोंडा तालुक्यात दुर्भाटच्या बाजूला पौष अमावास्येला मानगे थापणी होते. शेताच्या कडेला चिखलाची मगर थापतात, शिंपल्या लावून तिची खवल्यांची पाठ करतात आणि पूजा करतात. ही खाजन शेतं म्हणजे खाडीला बांध घालून मिळवलेली जमीन. बांध फुटला की खारं पाणी आत येतं आणि पीक गेलंच. नदी, बांध आणि मगर यांचा मान राखायचा, म्हणजे शेत राखलं जातं, अशी त्यामागची भावना. माझे मामा अजून जातात. थापताना कुणी हसत नाही, मोठ्याने बोलतही नाही. त्या चिखलावर बोटांनी रेषा ओढतानाची त्यांची एकाग्रता मी लहानपणी पाहिली आहे, ती विसरता येत नाही.


वाशिष्ठीची_लेक
१८ मार्च, दुपारी ३:००

चिपळूणला भर पावसात रस्त्यावरून मगर चालल्याचा व्हिडिओ २०२४ मध्ये सगळ्यांनी पाहिला असेलच. आमच्याकडं हे अधूनमधून चालतं. महाडला सावित्रीत तर थंडीत बघायला माणसं येतात. वाचतेय, लिहीत राहा.


चंबळ_पाहिलेला
१९ मार्च, सकाळी १०:१०

नोकरीनिमित्त मध्य प्रदेशात चंबळकाठी मुरैनाला चार वर्षं होतो, म्हणून जरा मागचं सांगतो. कातड्यासाठी झालेल्या शिकारीने १९७० च्या आसपास देशातल्या मगरी संपत आल्या होत्या. भितरकनिकात खाऱ्या पाण्यातल्या शंभरही उरल्या नव्हत्या. १९७५ साली ओडिशातून मगर प्रकल्प सुरू झाला. घरट्यातली अंडी आणायची, उबवायची, पिल्लं तीन-चार फुटांची झाली की नदीत सोडायची. अंड्यातून निघालेलं पिल्लू वीतभराचं असतं, त्याला बगळा, घोरपड, मोठा मासा कुणीही खातं. शंभरातली हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी वाचतात. तो पहिला धोक्याचा काळ माणसाने सांभाळला की झालं, अशी कल्पना. भितरकनिकात ती फळली, आज तिथं १८०० च्या आसपास आहेत.

पण त्याच ओडिशात महानदीवर सातकोसियाला घडियाल सोडल्या, दशकानुदशकं सोडत राहिले, शेकड्यांनी. मासेमारीच्या जाळ्यात अडकून, पुरात वाहून त्या संपतच गेल्या. चाळीसेक वर्षांनी, २०२१ मध्ये, तिथं पहिल्यांदा नैसर्गिक घरट्यातून पिल्लं निघाली. प्रकल्प तोच, कायदा तोच आणि पैसाही तोच. नदी मात्र तशी राहिलेली नव्हती.

चंबळमध्ये घडियाल टिकली कारण तिथं वाळू आहे. देवरीच्या घडियाल केंद्रातून पिल्लं सोडताना बघितलीत, पण डोळ्यांत राहिलं ते दुसरंच. जूनच्या पहिल्या आठवड्यात एका वाळूच्या पट्ट्यापाशी मोठा नर, नाकावर मडक्यासारखा फुगीर घडा, आणि त्याच्या भोवती पाण्यात शेकडो पिल्लं. काही त्याच्या पाठीवर चढलेली. अनेक माद्यांची पिल्लं एकाच बापाच्या राखणीत. आणि पलीकडच्या वळणावर ट्रॅक्टरची रांग, वाळू भरायला आलेली. २००७-०८ च्या थंडीत याच नदीत शंभराहून जास्त घडियाली मेल्या होत्या. इतकी नाजूक गोष्ट आहे ही.

म्हणून मळीतला यांचा वाळूचा मुद्दा मला सर्वांत मोठा वाटतो. तुमची मगर घडियालीइतकी नाजूक नाही, ती बिळातही राहते, गढूळ पाण्यातही. पण घरटं तिलाही उंच, कोरड्या, मऊ मातीतच घालावं लागतं.


नदीवेस
१९ मार्च, रात्री ९:४५

सगळं वाचलं. मगर मारा असं मी कधीच म्हटलं नव्हतं. माझ्या भावालाही ते पटलं नसतं, तो नागपंचमीला वारुळाला जाणारा माणूस. मला एवढंच कळत नव्हतं की आमच्या बाजूने कुणी विचार करतंय की नाही.

घाटाला काही कुंपण घालता येतं का? कुठं केलंय का कुणी?


गुरांचा_डॉक्टर
२० मार्च, सकाळी ७:१०

केलंय. श्रीलंकेत नदीकाठच्या गावांत जुनी पद्धत आहे. पाण्यात बल्ल्या रोवून अर्धगोल कुंपण करतात आणि त्याच्या आत अंघोळ, धुणं. नाव "किंबुल कोटुव". किंबुल म्हणजे मगर, कोटुव म्हणजे आपला कोटच. आता लोखंडी पाइप आणि जाळी वापरतात. ओडिशातही मगरींच्या भागात घाटांना असे अडसर घातलेत.

आपल्याकडं अडचण पुराची. सांगलीच्या आयर्विन पुलाशी ४० फुटांवर इशारा, ४५ वर धोका, आणि २०१९ ला तर पाणी ५७ च्या पुढे गेलं. पक्कं बांधलेलं काही टिकणार नाही. पाइपाला नटबोल्ट ठेवा, जाळी काढता यायला हवी. खालची कड गाळात हातभर पुरा आणि दर आठवड्याला तपासा. मगर आत अडकली तर कुंपण नसलेलं बरं.


मळीतला
२१ जून, रात्री १०:३०

तीन महिन्यांनी येतोय, धागा वर काढल्याबद्दल राग नसावा.

ठराव मागे घेतला नाही गावाने, पण पुढेही रेटला नाही. घाटाला कुंपण झालं. पंधरा फूट रुंद, दहा फूट आत. पाइप ग्रामपंचायतीने दिले, जाळी आम्ही सात शेतकऱ्यांनी वर्गणीने आणली, वेल्डिंग नदीवेस दादांच्या पुतण्याने फुकट करून दिलं. दादा स्वतः दोन दिवस येऊन पाण्यात उभे होते. मी नको म्हणत होतो. गुरांचा हौद बांधून झालाय, पण त्याची पाण्याची जोडणी अजून रखडली आहे. लोक सध्या टँकरने भरतात, तेही रोज होत नाही. मोटारीचा पाइप मी तराफ्यावर घेतला, आता काठावरून दोरीने ओढून फूटव्हॉल्व साफ करतो.

आणि ती रेघ ओढणारी मादी होती. आमच्याच बांधाच्या वर, पाण्यापासून बारा-पंधरा पावलांवर, करंजाच्या मुळाशी तिने घरटं घातलं होतं. मला एप्रिलमध्ये कळलं, कुत्रं तिथं उकरायला गेलं आणि ती पाण्यातून सरळ वर आली तेव्हा. कुत्रं वाचलं. मी त्या बाजूची पाळी दोन महिने घातली नाही, ऊस तेवढ्या पट्ट्यात पिवळा पडला. डॉक्टरांनी फोनवर सांगितलं होतं की मातीत साधारण ३२-३३ अंश राहिलं तर नर होतात, त्याहून कमी-जास्त झालं तर माद्या. करंजाची सावली दुपारी बरोबर त्या जागेवर यायची. मी रोज लांबून बघायचो.

८ जूनला पहिला वळीव झाला. दुसऱ्या दिवशी तिन्हीसांजेला बांधावर बसलो होतो. जमिनीतून आवाज यायला लागला, बारीक, तुटक, बेडकाच्या पिल्लांसारखा पण जास्त घाईचा. ती वर आली. पुढच्या पायांनी माती उकरली, अगदी सावकाश, मधेच थांबून कान दिल्यासारखी. मग तोंड खाली घातलं. जबड्यात पिल्लं घेऊन ती पाण्याकडं चालत गेली, दातांच्या फटीतून शेपट्या लोंबत होत्या. परत आली, परत गेली. अंधार पडेपर्यंत पाच खेपा मोजल्या. एक अंडं फुटलं नव्हतं, ते तिने जिभेवर घोळवून हलकेच दाबून फोडलं.

माझ्या शेजारी दादांची पुतणी बसली होती, आता ती सातवीत आहे. वेल्डिंग बघायला काकांबरोबर यायला लागली होती. एक शब्द बोलली नाही. ती उठली तेव्हा मी टॉर्च लावून तिला घरापर्यंत सोडायला निघालो. वाटेत तिने विचारलं, पुरात ही पिल्लं जातील का वाहून? म्हटलं, बरीच जातील.

कोयनेतून पाणी सोडलं की गावात भोंगा होतो, त्याच्या आधी जाळी काढायचं ठरलंय. खालचे चार बोल्ट गंजलेत, उद्या रॉकेल टाकून ठेवतो. दसऱ्याला परत बसवायची.